जोडीदाराचा आकडा

१२ मार्च

ताई,

पोरांना पापा, भाऊजींना त्यांच्या हुद्द्याला शोभेल इतका नमस्कार. मी बरा आहे, वेळेवर जेवतो, केस कापले आहेत. हे झालं तुझ्या समाधानापुरतं.

सगळं बदललं ते त्या संध्याकाळी, जेव्हा तंबूत सगळ्यांच्या देखत, माझ्याकडे न बघता, तिनं "चार" म्हटलं. तू दोन पानं भरून जे विचारलं आहेस त्याचं खरं तर एवढंच उत्तर आहे. पुढचं लिहितो आहे ते फोन टाळायला. फोनवर तू रडतेस, तू रडलीस की मी ओरडतो, आणि मग भाऊजी फोन हातात घेऊन विचारतात, "काय मग, पुढचं काय ठरलं?" त्यापेक्षा कागद बरा. कागद घसा खाकरत नाही.

तर चार. आमच्या मोहिमेचा म्होरक्या, ज्याला सगळे तोंडावर सर आणि माघारी थंडोबा म्हणतात, त्यानं एक शास्त्र काढलं आहे. त्याचं म्हणणं असं की बर्फात दिवसभर घसरगाडी ओढत चाललं की पायांच्या आधी डोकं थकतं, आणि थकलेल्या डोक्याला आपण थकलो आहोत हे कळत नाही. इथपर्यंत मलाही पटतं. मी कॉलेज सोडलं आहे, अक्कल नाही. पण मग रोज संध्याकाळी, स्टोव्ह पेटला की, सगळ्यांनी गोल बसायचं आणि एकेकानं आकडा सांगायचा. आपला नाही. ज्याच्याबरोबर आपण एका दोराला बांधलेलो आहोत त्या जोडीदाराचा. दहा म्हणजे डोकं लख्ख आणि मन ठिकाणावर. पाचाच्या खाली गेलास की दुसऱ्या दिवशी परत. वाद घालायचा नाही. ज्याचा आकडा सांगितला त्यानं "ऐकलं" एवढंच म्हणायचं.

मोठी माणसं, दाढ्या वाढलेली, लग्नं झालेली, मांडी घालून बसून एकमेकांना शाळेतल्या बाईंसारखे मार्क देतात आणि "ऐकलं" म्हणतात. तू पाहिलं असतंस तर हसून लोळली असतीस.

जोड्याही त्यानंच लावल्या. मला तिच्याबरोबर लावताना म्हणाला, "ज्याला जिव्हाळा असतो तो बारीक बघतो." आणि असा हसला, जसं काही माझ्या खिशातलं पत्र त्यानं वाचलं होतं. सगळे हसले. ती नाही हसली. ती नकाशा घडी घालत होती.

तिच्याबद्दल तुला मागेच लिहिलं होतं. कॉलेजच्या मागच्या कातळावर दोर बांधायला शिकवायला आली होती ती. वर्गात आमचे प्राध्यापक पंधरा वर्षांपूर्वीच्या पिवळ्या वह्या वाचून दाखवायचे, आणि बाहेर ही एका गाठीवर अख्खं वजन टाकून मागे झुकायची आणि म्हणायची, "बघितलं? आता तू." मी वर्गात परत गेलोच नाही. आमच्यात दिशा बघणं तिचं काम, म्हणून तिला सगळे होका म्हणतात. मला भडका म्हणतात. का, ते विचारू नकोस.

चार मिळावेत असं मी काय केलं, तर दुपारी एका क्षुल्लक गोष्टीवरून तिचा-माझा वाद झाला, तेव्हा मी दोर सोडून एकटा पुढे निघालो. फार नाही, हाकेच्या अंतरावर होतो. त्यांनी हाका मारल्या आणि मला ऐकू आल्या नाहीत, तो वाऱ्याचा दोष. मग ते सगळे निमूट माझ्या मागे आले. आणि मुक्कामावर मी एक पातेलं बर्फात भिरकावलं. रिकामं नव्हतं हे खरं आहे. त्यात सगळ्यांचं सूप होतं हेही खरं आहे. पण सूप पुन्हा होतं.

तिनं "चार" म्हटल्यावर थंडोबानं माझ्याकडे पाहिलं. मी "ऐकलं" म्हणायला हवं होतं. मी म्हणालो, "या तंबूतल्या सगळ्यांच्या डोक्यांची बेरीज तरी चार होईल का?" थंडोबा म्हणाला, "उद्या दाढीवाला तुला खाली घेऊन जाईल. आता बूट काढ आणि पुन्हा घाल." हा त्याचा दुसरा उपाय. राग आला की बूट काढायचे आणि नीट नाड्या बांधून पुन्हा घालायचे. मी तीनदा घातले. राग तिथेच होता, फक्त बोटं गारठली.

मला खाली आणलं ते दाढीवाल्यानं, आमच्यातल्याच एकानं. पायथ्याला पोचल्यावर म्हणाला, "तुझं नशीब." कशाला म्हणाला त्याचं त्याला ठाऊक.

आता मी थंडोबाच्याच गोदामात काम करतो. तंबू वाळवतो, फाटलेलं शिवतो, स्टोव्हचे पंप उघडून साफ करतो. अपमान केला त्याच्याच दाराशी कसा राहतोस, असं तू विचारशील. ती तिथे येते म्हणून. झालं?

थंडोबा हल्ली डोंगरापेक्षा सभागृहातच जास्त असतो. गेल्या आठवड्यात एका कंपनीत त्याचं व्याख्यान होतं, विषय: संकटात मन स्थिर कसं ठेवावं. मी खुर्च्या मांडायला होतो. समोर बसलेल्यांच्या आयुष्यातलं सगळ्यात मोठं संकट म्हणजे लिफ्ट बंद पडणं. हा त्यांना सांगतो, "दाट धुकं. आम्ही अर्धा दिवस चुकीच्या दिशेनं चाललेलो. धुकं फाटलं आणि बघतो तर पुढे तुटलेला कडा. सगळे घाबरले. मी काय केलं? काहीच नाही. मी चहा केला." टाळ्या. चहा केल्याबद्दल टाळ्या मिळत असत्या तर आपल्या आईचा एव्हाना चौकात पुतळा असता. पहिल्या रांगेतल्या एका गृहस्थानं वहीत "चहा" असं लिहून खाली दोन रेघा मारल्या, मी डोळ्यांनी पाहिलं.

हा कडा मला खाली धाडल्यानंतरचा. मी असतो तर ते तिकडे गेले नसते. पण ते जाऊ दे.

पुढच्या महिन्यात दुसरी मोहीम आहे. यावेळी चौघंच. विमान त्यांना बर्फाच्या एका टोकाला सोडणार आणि पलीकडच्या टोकाला उचलणार. मध्ये परतीची वाट नाही, खाली पाठवायला खाली असं काही नाही. दिशा पूर्णपणे तिच्या हातात. तिचा जोडीदार बँकेत नोकरी करणारा एक गुळगुळीत माणूस आहे, जो हातमोजे घालण्याआधी हाताला क्रीम लावतो. सरावाच्या मुक्कामात हा तिला रोज दहा देतो. तिच्याकडे असा बघतो की बघवत नाही. दहा. मूर्ख माणूस.

तू लिहितेस, परत ये, परीक्षा दे, भाऊजी त्यांच्या ऑफिसात शब्द टाकतील. भाऊजींचा शब्द त्यांच्या ऑफिसातला शिपाई तरी झेलतो का, ते आधी विचार. मला यायचं नाही. आईला सांग, मी गरम कपडे घालतो.

आणि तिच्याबद्दल पुन्हा पुन्हा विचारू नकोस. ती ठीक आहे. ठीकच असणार. परवा गोदामात तिनं मला स्टोव्हच्या वायसराबद्दल एकच प्रश्न पाठोपाठ दोनदा विचारला. पण माणसं विचारतात.

तुझा, अजून तरी,
धाकटा


२१ मार्च

ताई,

हे मी पोस्टाच्या बाकावर बसून लिहितो आहे. गोदामाची नोकरी सुटली आहे. नमस्कार-चमत्कार पुढच्या खेपेला.

तुझं पत्र मिळालं. दोन पानांच्या खाली न थांबणारी तू, आणि एक ओळ पाठवतेस: "तिनं तुला चार दिले. तू तिला किती देत होतास?" मी ते पत्र चुरगाळून फेकलं, मग उचललं. तुला लहानपणापासून ही घाण सवय आहे. जखम कुठे आहे विचारत नाहीस, थेट बोट ठेवतेस.

नऊ. रोज नऊ. "नऊ" म्हटलं की ती मान खाली घालून "ऐकलं" म्हणायची, आणि तेवढं ऐकायला मी दिवसभर चालायचो.

आता त्या क्षुल्लक गोष्टीबद्दल. त्या दिवशी सकाळी तिनं होकायंत्रावरचा आकडा उलटा वाचला. बासष्टच्या जागी सव्वीस. मी मागून हळूच म्हटलं, "बासष्ट ना?" ती म्हणाली, "अरे हो." दुपारी पुन्हा सव्वीस. मी पुन्हा सांगितलं, तेव्हा मात्र ती हट्टाला पेटली. आम्ही दोघं दोराच्या एकाच टोकाला होतो, बाकीचे मागे, त्यांना वाऱ्यात फक्त आमचे हात दिसत होते. मोठ्यानं बोललो असतो तर सगळ्यांना कळलं असतं की होका चुकते आहे. म्हणून मी दोर सोडला आणि बासष्टच्या दिशेनं चालायला लागलो. भडका आहे, डोकं फिरलं आहे, असं समजून ते माझ्या मागे येणार हे मला माहीत होतं. आले. संध्याकाळी तिनं मला चार दिले ते बरोबरच दिले. बर्फात दोर सोडणाऱ्याला कुणीही चारच देईल. सूप मात्र मी खऱ्या रागानं फेकलं.

तुला वाटेल, तेव्हाच का नाही बोललास. तोंडापर्यंत आलं होतं. बोललो असतो तर माझ्याऐवजी ती खाली गेली असती.

पण हेही पूर्ण खरं नाही. पूर्ण खरं असं आहे.

त्याच्या आदल्या दिवशी ती माझ्याशी गोड वागायला लागली. ताई, ती कुणाशी गोड वागत नाही. शिकवताना गाठ चुकली तर हातावर चापट मारते. ती अचानक माझ्या हातमोज्यांवरचं बर्फ झटकायला लागली. दुपारच्या थांब्यावर माझ्या खांद्याला डोकं टेकून बसली, कितीतरी वेळ, आणि म्हणाली, "तुझ्याजवळ ऊब आहे." तिच्या जाकिटाची चेन गळ्यापासून पोटापर्यंत उघडी होती आणि तिला ते कळत नव्हतं. मी ती लावली. ती लहान मुलीसारखी बसून राहिली, लावू दिली. थंडोबानं निघण्याआधी आम्हाला पढवलं होतं: डोकं थकलेला माणूस एकतर विनाकारण चिडतो, नाहीतर विनाकारण मवाळ होतो, आणि मवाळ झालेल्याला आधी सांभाळा. मला पाठ होतं. मला एकेक अक्षर पाठ होतं. पण मी म्हटलं, हे थंडोबाचं शास्त्र गेलं चुलीत. हिला मी आवडायला लागलो आहे.

आता तूच सांग, याला किती द्यायचे?

मग मला खाली धाडलं, आणि त्याच दिवशी ते सगळे धुक्यात चुकून कड्यावर जाऊन उभे राहिले. सगळे म्हणतात धुकं. थंडोबा म्हणतो धुकं, कंपन्या त्याला धुक्याचे पैसे देतात. धुकं नव्हतं ते. सव्वीस होतं.

आणि ते अजून आहे. वर उडालेली तिची झोप परत आलेली दिसत नाही. गोदामात चालता चालता मध्येच उभी राहते, मग कुणी बघतं आहे असं वाटलं की काहीतरी मोजल्यासारखं करते. गेल्या सोमवारी मी मुद्दाम तिला पेट्यांवरचे आकडे वाचून दाखवायला सांगितलं. तीन उलटे वाचले. मी म्हणालो, "झोपतेस का?" तर म्हणाली, "तुला काय करायचंय, भडक्या?" ही माझी जुनी होका बोलली, एवढ्यानंच मला बरं वाटलं, बघ माझी लायकी.

तुझी ओळ वाचून दोन दिवस मी हेच उलटसुलट करत होतो. सांगावं तर थंडोबा म्हणणार सूड घेतोय. ती म्हणणार सूड घेतोय. आणि न सांगावं तर बर्फाच्या मधोमध तो गुळगुळीत इसम तिला दहा देत बसणार, आणि ती त्याच्या हातमोज्यांवरचं बर्फ झटकणार, आणि त्याला वाटणार आपलं नशीब उघडलं.

आज सकाळी गेलो. थंडोबाची खोली म्हणजे एक मोठं टेबल, त्यावर नकाशा, नकाशाच्या चार कोपऱ्यांवर चार कप. चौघांपैकी तिघं होते: थंडोबा, ती आणि बँकवाला. बँकवाला पेन्सिलींना टोक करत होता.

थंडोबा म्हणाला, "बस."

मी म्हटलं, "बसत नाही. हिला नेऊ नका."

"कुणाला?"

"होकाला. ती आकडे उलटे वाचते. वर असताना वाचत होती, अजून वाचते. त्या दिवशी धुकं नंतर आलं, वाट आधीच चुकली होती."

बँकवाला टेबलाकडे बघत म्हणाला, "सर, पेटला." आणि हसला.

थंडोबा हसला नाही. त्याच्या त्या सभागृहातल्या आवाजात म्हणाला, "हे बघ बाळा, तिनं तुला खाली पाठवलं ते तुला अजून पचलेलं नाही."

"नाही पचलेलं. कधीच पचणार नाही. ते वेगळं आणि हे वेगळं."

"मग तू तिला रोज नऊ कसे देत होतास?"

सगळ्या जगाला हाच प्रश्न पडतो. मी म्हटलं, "कारण ती माझ्याशी बरी वागत होती, आणि मला ते घालवायचं नव्हतं." ती समोर बसलेली असताना म्हटलं, ताई. खोटं काहीतरी सांगता आलं असतं, पण खोटं असतं तर त्यांनी ते पकडलं असतं. दोर का सोडला तेही सांगितलं, चेनचं सांगितलं. खांद्याचं सांगितलं नाही. तेवढं माझं ठेवलं.

बँकवाल्याचं टोक करायचं थांबलं. थंडोबानं तिच्याकडे पाहिलं. "काय गं? काय म्हणतोय हा?"

तिनं एक शब्द म्हणायचा होता. "जळतोय." एवढं म्हटलं असतं तर मला त्या दोघांनी मिळून बाहेर काढलं असतं आणि तिची मोहीम तिची राहिली असती. सगळे तिच्यावरच विश्वास ठेवायला टेकले होते. ती नकाशाकडे बघत राहिली. मग तिनं मला विचारलं, "कुठला दिवस म्हणतोस? धुक्याच्या आदला?"

"आदला. आणि त्याच्या आदला."

"ते नाहीत माझ्याकडे," ती म्हणाली.

थंडोबा म्हणाला, "नाहीत म्हणजे?"

"म्हणजे आठवत नाहीत, सर. फोटोत मी दिसते, म्हणून होते म्हणायचं. याला मी चार दिले असं सगळे सांगतात, म्हणून दिले असणार. मला वाटलं, थकव्यानं होतं असेल. झोप लागली की येतील परत." तिनं नकाशावरून बोट फिरवलं. "झोप लागत नाही."

थंडोबानं, हे मात्र मला लिहायलाच हवं, चहा वगैरे काही केला नाही. तो उठला, तिच्या समोरचा नकाशा त्यानं हळूच आपल्याकडे ओढून घेतला, एक कप कलंडला, आणि म्हणाला, "उद्या डॉक्टरकडे. मी येतो बरोबर." ती "ऐकलं" म्हणाली. सवयीनं.

मग ती माझ्याकडे वळली. म्हटलं, आता जे काय असेल ते. ती चिडली नव्हती. कंटाळून बोलावं तसं बोलली. "बघत होतास तर तेव्हाच बोलायचं होतंस. नुसतं बघत बसून काय करणार होतास माझं?"

मी कलंडलेला कप उभा केला.

मी निघालो तर थंडोबा म्हणाला, "थांब जरा. तुला एक सांगतो. जे तू आत्ता केलंस, स्वतःचं हसं करून खरं बोललास, असा माणूस मला वर हवा असतो. राग घालवता येतो, हे शिकवता येत नाही. एक जागा आता रिकामी आहे. येतोस?"

ताई, वर्षभर मी ज्या वाक्यासाठी झुरलो ते हेच वाक्य. ती तिथेच, त्याच टेबलाशी बसलेली होती. ओल्या नकाशाला फडकं लावत होती. तिची जागा तिच्यासमोर मला वाढून ठेवत होता तो, आणि त्याला त्यात काही गैर वाटत नव्हतं. माणसांच्या मनाचा एवढा मोठा जाणकार.

बँकवाला मान डोलवत होता. घे म्हणून.

मी गोदामाच्या किल्ल्या टेबलावर ठेवल्या. कुणाकडेही न बघता बाहेर आलो. तू मला ओळखतेस, मी कुठलं दार कसं बंद करतो ते आपल्या घरातल्या चौकटींना विचार. हे दार मी मूठ फिरवून, आवाज होऊ न देता लावलं, कारण आत एक माणूस होतं ज्याला बऱ्याच दिवसांत झोप लागलेली नाही.

तुझा
धाकटा